पडद्याकडे पाठ करून बसणारी बाई

मागच्या महिन्यात अमरावतीत बाईंचा, सिनेमातल्या आमच्या बाईंचा, सत्कार झाला. शाल, नारळ, हार, मानपत्र, सगळं यथासांग. वक्ते एकामागून एक उठले आणि सगळे एकाच गोष्टीवर बोलले: बाईंची ओंजळ. काय ती ओंजळ, काय ते पाणी पिणं, काय ते डोळे! एका प्राचार्यांनी तर भाषण थांबवून चष्मा पुसला. तांब्याबद्दल मात्र एकानंही तोंड उघडलं नाही. मी मागं उभी होते. मला दोन मिनिटं बोलू द्या, अशी चिठ्ठी पाठवली. अध्यक्षांनी ती वाचली, तिची घडी केली आणि फुलदाणीखाली सरकवली.

म्हणून हे लिहिते आहे. व्यासपीठ मिळालं नाही तर कागद आहे. पत्रकं छापून वाटत वाढलेल्या आम्ही, आम्हाला कागदाची सवय आहे. नीट क्रमानं लिहीनच असं नाही. बाई स्वतःच क्रमानं सांगण्यासारख्या नाहीत.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांची पडद्याकडे पाठ होती. अकोल्याला आमच्या वस्तीपासून पायी जाण्याच्या अंतरावर एक टॉकीज होतं. तिथं गुरुवारी दुपारी फक्त बायकांचा खेळ असे. बार्शीटाकळीकडून बैलगाड्या भरून बाया यायच्या. थर्ड क्लासला खुर्च्या नव्हत्या. जमिनीवर फतकल मारून बसायचं. आणि सगळ्यांच्या पुढं, पडद्याच्या पायथ्याशी, घरून आणलेल्या पाटावर बाई बसलेल्या असत, तोंड आमच्याकडं करून. हातात पुरुषांची काळी छत्री. वर पडद्यावर त्याच बाई ताडाएवढ्या होऊन रडत असत, आणि खाली खऱ्या बाई ते सोडून आमची तोंडं बघत असत. एखादी रडली नाही की छत्रीचं टोक तिच्या गुडघ्यावर.

"काहून व? तुले नाही आलं रडू?"

"बाई, पोरगं मुतलं मांडीवर. कोनाले पाहू, पोराले का तुमाले?"

"पोराले पाह्य. मी कुठं पळून नाही चालली. मी रिळात हाय."

राहायच्या त्या अमरावतीत, पण नवीन पिक्चर आला की पाट आणि छत्री घेऊन अकोल्याला यायच्या. का, तर म्हणे, "अमरावतीत कॉलेजं झाली. तिथल्या बाया आता पदराआड रडतात, खरं का खोटं समजत नाही. अकोल्याची बाई रडली त भोंगा, अन् नाही आवडलं त सरळ शिवी. मले असं पाहिजे." पुण्यामुंबईच्या पेपरांत काय छापून आलं ते त्या वाचतही नसत. त्या एकच तोंड वाचायच्या, ते माझ्या मायचं.

माझी माय कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला होती. दिवसभर सरकीचा धुरळा नाकातोंडात. गुरुवारचा खाडा तिनं कुणाला विचारून केला नाही. पाटाच्या बरोब्बर समोरची जागा तिची. दुसरी कोणी बसली तर बाई छत्रीनं उठवत. माय रडायची ती पूर्ण चेहऱ्यानं, हातसुद्धा न उचलता, पाणी गळ्यापर्यंत वाहू देऊन. "ही रडली म्हंजे पिक्चर चालला," बाई म्हणत, आणि तसंच व्हायचं. मला याचा संताप यायचा. आमची माय म्हणजे काय दूध नासलं की नाही पाहायचा चमचा आहे?

बाई वलगावकडच्या, चांगल्या खात्यापित्या शेतकरी घरच्या. लहानपणी नाटक कंपनीबरोबर गेल्या, घरच्यांनी नाव टाकलं, तिथून स्टुडिओत. पिक्चर मुका होता तेव्हापासूनच्या त्या. म्हणायच्या, "बोलपट आला अन् आमच्यातल्या अर्ध्या पोरी घरी गेल्या. कोनाचा आवाज चिमनीचा, कोनाले भाषा येत नव्हती. मी राह्यली. मले भांडता येत होतं. भांडता येते त्याले बोलता येतेच."

मग पुढं? पुढं त्या एका नामांकित हिरोची बायको झाल्या. काही वर्षांनी त्याची वहिनी झाल्या. मग आई. मग आजी. "अन् हिरो?" असं विचारलं की डोळे मिटून गंभीरपणे सांगायच्या, "तो तेवढाच हाय. त्याच्या मिशीले वय नाही." लोक हसायचे. मी नाही हसले. पुरुष पन्नाशीत कॉलेजात जातो आणि त्याच्याच वयाची बाई त्याच्या आजीचं लुगडं नेसते, यात हसण्यासारखं काय आहे ते मला कुणीतरी समजावून सांगावं. आजी होऊन झाल्यावर त्यांना एकच काम उरलं, मोलकरणीचं. श्रीमंताच्या अंगणात उभी राहणारी, नाव नसलेली म्हातारी.

स्टुडिओत त्या पुण्याच्या तोंडची भाषा बोलायच्या, आणि इतकी साफ, की ऐकणाऱ्याला वाटावं सदाशिव पेठेत जन्मल्या. पण प्रत्येक पिक्चरमध्ये एक वऱ्हाडी शब्द असायचाच. एखादं 'काहून', एखादं 'पोट्टं', एखादं 'भल्ली'. अख्खं टॉकीज त्या शब्दाची वाट बघत बसायचं, आणि तो आला की शिट्ट्या, टाळ्या, पैशांची उधळण. हा शब्द डायरेक्टरच्या लक्षात येत नसे का? येत असे. पण बाईंची युक्ती होती, आणि ती त्यांनी मला स्वतः सांगितली.

"कच्ची फिल्म महाग, मिळतही नाही. हिरोइनीचं रडनं धा वेळा चुकते. डायरेक्टर घामाघूम. मंग एकदा तिले खरं रडू येते. सगळे श्वास धरून उभे. तवा मी मागून माहा शब्द टाकते. आता कापा! माहा शब्द कापाचा त तिचं रडनं कापा लागन. कोनाची छाती हाय?"

डायरेक्टर कितीही मोठा असो, बाईंच्या लेखी तो 'पोट्टं'च. "पोट्टं चांगलं हाय, फक्त ओरडते भल्लं."

आता ती ओंजळ. मोलकरणीच्या कामांत एक प्रसंग ठरलेला: उन्हातून आलेली म्हातारी अंगणात उकिडवी बसते, मालकीण वरून तांब्यानं पाणी ओतते, म्हातारी ओंजळीनं पिते. पाणी कोपरांवरून ओघळतं, आणि ती मान वर करून मालकिणीकडं असं बघते, की जणू पाणी नाही, अमृत दिलं. हे त्यांनी इतकं खरं केलं, की पुढच्या प्रत्येक पिक्चरमध्ये कंपन्या तेच मागू लागल्या. लोक म्हणायचे, रडावं तर त्या ओंजळीवर.

आम्ही धम्मदीक्षा घेतलेल्या घरच्या. घरातले जुने देव नदीत सोडून दोन-तीन वर्षं झाली होती. आमच्या आयांनी, आज्यांनी जन्मभर असंच वरून ओतलेलं पाणी प्यालं, आणि ते पडद्यावर दाखवून तुम्ही आम्हालाच रडवता? मी तेव्हा अमरावतीला कॉलेजात होते. आम्ही मुलींनी मंडळ काढलं होतं. पत्रक मी लिहिलं. गुलाबी कागद, ट्रेडलवर छापलेलं, मथळा मोठ्या खिळ्यांत: 'ओंजळ खाली करा!' पुढं: 'जी नटी आमच्या आयांच्या अपमानावर टाळ्या मिळवते तिच्या खेळावर बहिष्कार टाका.' त्यातला एक शब्दही मी आज बदलणार नाही.

गुरुवारी अकोल्याच्या टॉकीजच्या दारात पत्रकं वाटायला उभी राहिले. पहिलं पत्रक माझ्या मायनंच घेतलं, चौघडी केली आणि रांगेत त्याचा वारा घेत उभी राहिली. बाकीच्यांनी खाली अंथरायला घेतलं. तेवढ्यात टांगा थांबला. बाई उतरल्या. एका काखेत पाट, दुसऱ्या हातात छत्री.

"मले नाही देत का व?"

मी दिलं. घाबरले नाही. त्यांनी चष्मा लावला, एकदा मनात वाचलं. मग टॉकीजच्या पायरीवर चढल्या आणि सगळ्या रांगेला मोठ्यानं वाचून दाखवलं. अख्खं. 'ओंजळ खाली करा' इथपासून 'बहिष्कार टाका' इथपर्यंत. काय आवाज होता! 'आमच्या आयांच्या' म्हणताना जरा थांबल्या, आणि रांगेतल्या बायांनी डोळ्याला पदर लावले. बहिष्काराशी पोचेपर्यंत निम्मी रांग हुंदके देत होती. माझी माय तर गळ्यापर्यंत भिजली.

मी ओरडले, "रडू नका! हे रडायसाठी नाही, चिडायसाठी लिहिलं आहे!"

एक म्हातारी नाक शिंकरत म्हणाली, "चांगलं लिवलं व माय. पन आता तिकिटं त काढू दे."

सगळ्या आत गेल्या. बाई मागं राहिल्या. पत्रकाची घडी करून कमरेला खोचली.

"तू लिवलं चिडासाठी. मी वाचलं अन् त्या रडल्या. चूक कोनाची?"

"तुमची," मी म्हटलं.

"हाव," त्या म्हणाल्या. "माहीच. रविवारी अमरावतीले घरी ये, भाकर खाले."

गेले. भांडायलाच गेले. घरात एकही फोटो नव्हता, ढाल नव्हती. आरसा इतका उंच टांगलेला, की तोंड दिसायला टाचा उचलाव्या लागत. "म्हातारपनी तेवढाच व्यायाम," म्हणाल्या. दगडी खलात ठेचा कुटत बसल्या होत्या. शूटिंगला जातानाही डब्यात हाच ठेचा न्यायच्या. "तिकडच्या मिरचीले धार नाही. म्हनून तर त्यायचे व्हिलन असे मिळमिळीत."

मला तहान लागली होती. मुद्दाम काही बोलले नाही, काय करतात ते बघत राहिले. त्यांनी खलातून मानही वर केली नाही. "पानी त्या रांजनात हाय. घे हातानं."

मी घेतलं. प्याले. आणि तिथंच फुटले.

"घरी रांजण सगळ्यांना मोकळा, आणि पडद्यावर ओंजळ? ही कुठली रीत? हा निव्वळ दुटप्पीपणा आहे, ही तर..."

"पत्रकासारखी नको बोलू. मानसासारखी भांड."

"मंग सांगा ना, काहून करता असं?"

"घर माहं हाय," त्या म्हणाल्या. "पडदा मालकाचा."

मग त्यांनी सांगितलं. लहानपणी शेतात एक बाई कामाला यायची. तिला पाणी द्यायचं काम घरातल्या धाकट्या मुलीचं, म्हणजे ह्यांचं. "मी तांब्या धरत होती. वरून ओतत होती. ती प्यायची ते मी रोज पाहत होती. कोपरावरून कसं ओघळते, मान कशी वर करते. तिची ओंजळ मी चोरली. तिच्यावर जिंदगी काढली."

"तिचं नाव काय होतं?"

बाईंचा हात थांबला. "नाव कोनी घेत नव्हतं."

मी म्हटलं, "तिची ओंजळ चोरली ना? आता मालकिणीचा तांब्या चोरा."

त्या माझ्याकडं बघतच राहिल्या. मग खो खो हसल्या. हसता हसता ठेच्याचा हात डोळ्याला लागला, आणि पुढची पाच मिनिटं नुसती धावपळ. डोळे धुऊन, लाल चेहऱ्यानं पाटावर बसल्या तेव्हा हसू गेलं होतं.

"पोरी, आता या वयात मले एकच कंपनी बोलावते. तिनं बंद केलं त दुसरी नाही. मी घरी बसली त मरन. मले दुसरं काई येत नाही."

"मग नका चोरू तांब्या."

"चोरत नाही म्हनलं का मी? जेव आता."

पुढं वर्ष-दीड वर्ष काही ऐकू आलं नाही. मी पत्रकं काढत राहिले; विहिरींवर, हॉटेलातल्या वेगळ्या कपबशांवर, जिनिंगमधल्या बायांच्या मजुरीवर. मग एक दिवस मायचा निरोप आला: बाईंचा नवा पिक्चर लागला, गुरुवारी ये, बाई विचारून राहिल्या. मी बसनं अकोल्याला गेले. मायच्या शेजारी बसले. समोर पाट, पाटावर बाई, पडद्याकडे पाठ. पण छत्री आज दोन्ही हातांत घट्ट धरलेली. एकीलाही टोचली नाही.

पिक्चर चालला होता तसा चालला होता. हिरोइन म्हणजे मोठ्या घरची सून, नवरा बाहेरख्याली. अंगणात मोलकरीण येते. उकिडवी बसते. टॉकीजभर कुजबुज: आली, ओंजळ आली. बायांनी पदर हातात घेतले. सुनेनं तांब्या कलता केला आणि आपलं दुःख सांगायला लागली. लांबलचक भाषण. आणि तिला रडू आलं, खरंखुरं. मी दचकून पाटाकडं पाहिलं. बाई डोळे मिटून बसल्या होत्या.

पडद्यावर म्हातारीचे हात ओंजळीसाठी वर आले. आणि ओंजळ झालीच नाही. ती उठून उभी राहिली. सुनेच्या हातातला तांब्या तिनं घेतला. हिसकला नाही; घेतला, आपलाच असल्यासारखा. तोंडाला लावला. सावकाश, पोटभर प्याली. पदरानं तोंड पुसलं आणि तांब्या परत सुनेच्या हातात ठेवला. सून क्षणभर गोंधळली, पण रडणं सुरूच होतं, आणि तो गोंधळही दुःखासारखाच दिसला. भाषण पुढं चालू राहिलं.

नंतर समजलं की मालक खूप भडकला होता. पण हिरोइनचं तसलं रडणं पुन्हा मिळण्यासारखं नव्हतं. शॉट राहिला. बाई राहिल्या नाहीत. त्या कंपनीचं बोलावणं पुन्हा कधी आलं नाही, आणि सत्काराच्या वक्त्यांनी ज्याला 'निवृत्ती' म्हटलं ती ही.

त्या दुपारी टॉकीजमध्ये चिडीचूप. शिट्टी नाही, हुंदका नाही. मागं खुर्च्यांवरच्या बायांत कुणीतरी "इश्श, हे काय!" म्हटलं. बाईंनी डोळे उघडले आणि समोर पाहिलं. माझी माय कोरडी ठणठणीत. एक थेंब नाही. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. बाईंचा चेहरा उतरला. मी तो कधी तसा पाहिला नव्हता. पुढं वाकून, छत्रीचं टोक हळूच मायच्या गुडघ्याला लावून त्यांनी विचारलं,

"काहून व? तू नाही रडली?"

"रडासारखं काय हाय त्याच्यात?" माय म्हणाली.

इंटरवल झाला. दिवे लागले. पाणीवाली घागर आणि पितळी तांब्या घेऊन आली. खुर्च्यांवरच्या बायांना ती पेल्यातून पाणी देई. आमच्या वस्तीच्या बाया कुठं बसतात ते तिला माहीत होतं. तिथं आली की तांब्या उंच धरायचा आणि वरून सोडायचा. अस्पृश्यतेविरुद्धचा कायदा होऊन वर्षं झाली होती, पण तो दिल्लीहून निघून या घागरीपर्यंत पोचला नव्हता. आणि आमच्या बाया? सवयीनं ओंजळी पुढं करायच्या. मी इतकी पत्रकं काढली, पण या घागरीवर एक काढायचं मला सुचलं नव्हतं, कारण खेळाला येऊन मी कधी पाणीच प्याले नव्हते.

पाणीवाली मायपुढं थांबली. मायचे हात मांडीवर.

"धर ना व ओंजळ. बाकीच्या खोळंबल्या."

"तांब्या दे."

"काय?"

"तांब्या दे म्हनलं. आत्ताच पाह्यलं नाही का?"

पाणीवालीनं बाईंकडं पाहिलं. मायनं हात वर केला आणि तांब्या तिच्या हातातून घेतला. अगदी तसाच. तोंडाला लावला, प्याली, पदरानं ओठ पुसले. पण पाणीवालीला परत दिला नाही. हात लांब करून बाईंच्या पुढं धरला.

"घ्या. मालकाच्या पडद्यावर पेल्या. आता अठी प्या, सगळ्यायच्या समोर. माहं उष्टं हाय."

मागच्या खुर्च्या करकरल्या. बघायला बाया उभ्या राहिल्या होत्या. मी लिहिणारी, मी बोलणारी, आणि ही मागणी माझ्या मायनं केली, जिनं माझ्या पत्रकाचा वारा घेतला होता.

बाई पाटावरून उठल्या. छत्री खाली टाकली. तांब्या घेतला आणि तोंडाला लावून घटाघटा प्याल्या. पाणी हनुवटीवरून गळ्यावर, हातांवरून कोपरावर, पातळ ओलं.

माय निरखून बघत होती, त्या इतकी वर्षं तिला बघत आल्या तशी.

"सांडलं पाहा," ती म्हणाली. "जिंदगीभर पानी प्याचंच काम केलं तुमी, अन् अजून येत नाही."

अख्खा थर्ड क्लास फुटला. बाया एकमेकींच्या अंगावर पडून हसल्या. बाई सगळ्यांत जास्त हसल्या, ओल्या पातळानं, पोट धरून. पाणीवालीनं तांब्या परत घेतला, घागरीत बुडवला आणि पुढच्या बाईच्या हातात दिला.

दिवे गेले. बाई पाटाकडं गेल्या नाहीत. छत्री उचलली, मायपाशी आल्या आणि तिच्या खांद्याला ढोसलं.

"सरक व जराशी. पुढं काय होते ते मले बी पाहू दे."